लेफ्टीभाऊंचं रिकामं पान

मी एक चोरी केली होती आणि ती कबूल करायला मला भंडाऱ्याहून लीड्सला जावं लागलं.

विमानतळावरच्या अधिकाऱ्याने येण्याचं कारण विचारलं तेव्हा मी "व्याख्यान" म्हणाले. तेही खोटं नव्हतं. नॉटिंगहॅममधल्या आपल्या बौद्ध मंडळींनी मला रविवारी बोलायला बोलावलं होतं. पण लीड्स काही नॉटिंगहॅमच्या वाटेवर लागत नाही, बरंच वर आहे. तरी मी आधी तिकडेच गेले, कारण चोरीच्या मालाचा मालक तिथे राहतो.

चोरी अशी. लेफ्तेरिस नावाचे एक ग्रीक गृहस्थ आहेत. चित्रपटांच्या पटकथा लिहितात आणि त्याच चित्रपटांना संगीतही देतात. आडनाव इतकं लांब की आमच्या पुस्तिकेच्या मुखपृष्ठावर मावलं नाही. त्यांचा पहिला चित्रपट तंबाखूच्या गोदामात पानं निवडणाऱ्या बायकांवर आहे. त्या पटकथेचं इंग्रजी पुस्तक माझ्या सुमनमावशीने लीड्सहून पाठवलेल्या बॅगेत आलं, स्वेटर आणि चॉकलेटं यांच्या मधोमध. शेजाऱ्याने दिलं, मला काही कळत नाही, तुला कळेल, अशी चिठ्ठी होती. माझ्या आईचं अर्धं आयुष्य विड्या वळण्यात गेलं. तेंदूच्या पानाचा वास न येणारे हात मी तिच्याकडे कधी पाहिले नाहीत. ते पुस्तक मी एका बैठकीत वाचलं आणि पंधरा दिवसांत मराठीत आणलं. आमच्या चळवळीतल्या गटाने त्याचं पथनाट्य केलं, विडी कामगारांच्या वस्त्यांमधून फिरवलं. बाबांनी आपल्या छापखान्यात पुस्तिका छापली.

परवानगी घ्यायची असते हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. आमचं घर पत्रकांचं. लहानपणी मी न वाटलेल्या पत्रकांच्या गठ्ठ्यावर झोपले आहे, अक्षरं 'बंधूंनो आणि भगिनींनो' वरून शिकले आहे. पत्रक कुणाला विचारून निघत नसतं. मग एका बैठकीत आमच्याच गटातली वंदना म्हणाली, "ताई, दुसऱ्याचे श्रम न विचारता वापरणं, याला आपल्या पत्रकात आपण काय म्हणतो?"

शोषण म्हणतो. मीच लिहिलं होतं ते, ठळक अक्षरांत.

तेव्हा ठराव झाला. लेखकाची परवानगी मिळेपर्यंत नाटक बंद. तो नाही म्हणाला तर कायमचं बंद आणि उरलेल्या पुस्तिका लगद्याला. ठरावाच्या बाजूने पहिला हात माझाच होता. इतका जड हात मी आजवर वर केलेला नाही.

लीड्स

कोच स्टेशनवर मावशी आणि तिची मुलगी सोनल न्यायला आल्या होत्या. मावशी सरकारी दवाखान्यात नर्स होती, आता निवृत्त. सोनलचा जन्म तिथलाच, कौन्सिलमध्ये नोकरी करते.

"तुझा बॅग किती मोठा आहे," सोनल म्हणाली.

"बॅग मोठी," मावशीने पुढच्या सीटवरून दुरुस्ती केली.

"ओके, मोठी. पण बॅग फीमेल आहे हे डिसाइड कुणी केलं?"

"पुरुषांनी," मी म्हणाले. "ओझं वाहते ना."

तेव्हापासून आमचं जमलं.

या देशाबद्दल मी बरीच कडक मतं घेऊन गेले होते आणि त्यातली बहुतेक परतही आणली आहेत. पण दोन गोष्टी सांगायला हव्यात. पहिली म्हणजे, तिथे बसचा ड्रायव्हर, भाजीवाली, पोस्टातला माणूस, सगळे मला 'लव्ह' म्हणत. पहिल्या दिवशी मी ड्रायव्हरला खडसावणार होते. सोनलने दंड धरून खाली बसवलं. "अगं, ते तुमच्या 'बाई'सारखं आहे. तो आजोबांनापण लव्हच म्हणतो." पुढच्या थांब्यावर एक काठीवाले आजोबा चढले आणि खरंच, "मॉर्निंग, लव्ह." दुसरी गोष्ट सॉरीची. बाजारात मी एका बाईच्या पायावर पाय दिला आणि तीच मला सॉरी म्हणाली. आमच्याकडे माफी मागायची म्हणजे माणूस आधी आठ दिवस आजारी पडतो. मी तर माझी माफी तीन पानी लिहून नेली होती, परिच्छेदांना क्रमांक घालून.

मावशीने जेवायला अंबाडीची भाजी केली होती. लीड्समध्ये अंबाडी कुठून, म्हणून विचारलं तर म्हणाली, "अंबाडी नाही गं, रुबार्ब आहे. इथे लोक त्यात साखर घालून गोड करून खातात. एवढी चांगली आंबट वस्तू." तिने त्यात तुरीची डाळ, लसूण आणि भंडाऱ्याचं तिखट घातलं होतं. डोळे मिटून खाल्लं तर मी घरी होते.

"तुझ्या त्या ग्रीक लेखकाला फार आवडते," मावशी म्हणाली. "डबा रिकामा धुऊन परत करतो. पंधरा वर्षं शेजारी आहे. कचऱ्याचा डबा बाहेर ठेवायला मी विसरले तर माझाही ठेवतो. मी त्याला लेफ्टीभाऊ म्हणते."

माणूस डावा आहे, हे मावशीला नावातच कळलं होतं.

लेफ्टीभाऊंच्या घरी

शुक्रवारी सकाळी मावशीने मला त्यांच्या दारात नेलं. ऐंशीच्या पुढचे, बुटके, जाड भुवया, अंगात कोपरावर ठिगळ लावलेला स्वेटर. त्यांचं इंग्रजी ग्रीक हेलाचं आणि मधेच त्या भागातलं अस्सल यॉर्कशरचं, त्यामुळे मीही 'लव्ह' झालेच. खोलीत एक पियानो आणि त्यावर फायलींचे ढीग. मावशीने त्यांच्याच स्वयंपाकघरात चहा केला आणि साखर विचारली. त्यांनी हनुवटी वर उचलली आणि जिभेने 'च्च' केलं. मला फार बरं वाटलं. भंडाऱ्यातली म्हातारी माणसं नको म्हणायला हेच करतात. म्हटलं, या माणसाची भाषा मला कळते. त्या एका 'च्च'वर मी नको तेवढा विश्वास टाकला.

मावशीला लस टोचून घ्यायची होती, ती गेली. मी तीन पानं पुढे केली.

त्यांनी चष्मा लावून सावकाश वाचलं. "हे पत्र नाही," ते म्हणाले. "हे पत्रक आहे. मागण्या कुठे आहेत?"

"शेवटच्या पानावर."

ते इतके हसले की चहा बशीत सांडला. मग म्हणाले, "मीसुद्धा पत्रकांतच वाढलो. वडील तंबाखूच्या गोदामात होते. मी पत्रकं लिहायचो आणि प्रत्येकात शुद्धलेखनाच्या चुका. मालकाने एकदा चुका दुरुस्त करून परत पाठवलं होतं."

"मग?"

"दुरुस्त केलेलं छापलं. चांगलं झालं होतं."

अशा रीतीने माझ्या माफीची बैठक त्यांच्या आयुष्याची गोष्ट झाली. पहिल्या चित्रपटाची त्यांनी फक्त पटकथा लिहिली होती. ठरलेला संगीतकार चित्रीकरणाला आलाच नाही, कुणाच्या तरी लग्नात अडकला. दिग्दर्शक म्हणाला, तूच काहीतरी वाजव. गोदामातल्या बायका पानं निवडतात त्या हातांच्या आवाजावर त्यांनी ठेका बांधला, आणि तेव्हापासून ते संवाद सुरांच्या कागदावरच लिहायला लागले. वर पाच रेघा, खाली शब्द. आधी चाल, मग बोलणं. "माणूस काय बोलतो त्याआधी तो कोणत्या वेगाने बोलतो ते मला ऐकू येतं," म्हणाले. मग देशात लष्कराची राजवट आली, चित्रपटावर बंदी आली आणि ते फायलींची पेटी घेऊन लंडनला पळाले. तिथे हॉटेलात भांडी घासली. कुत्र्यांच्या बिस्किटांच्या जाहिरातीला चाल दिली. ती त्यांनी मला पियानोवर वाजवून दाखवली.

"माझे चित्रपट या देशात शंभर माणसांनी पाहिले असतील. ही चाल सगळ्यांना पाठ आहे. कुत्र्यांनासुद्धा."

पुढे टीव्हीवरच्या पोलिसी मालिकांना संगीत दिलं. प्रेत सापडतं तेव्हा वाजतं ते. त्यातून उसंत काढून आपल्या भाषेत आणखी पटकथा लिहिल्या, त्यांतल्या काहींचे चित्रपट झाले. बायको लीड्सच्या शाळेत शिकवायची म्हणून लीड्स. ती गेली, ते राहिले. हे सगळं त्यांनी तक्रारीचा एक शब्द न काढता सांगितलं. मला मात्र त्यांच्या वतीने संताप येत होता. तो मी बोलूनही दाखवला. ते म्हणाले, "कुत्र्यांची चाल वाईट नाहीये, लव्ह."

मग मी खरा गुन्हा सांगितला. चोरीपेक्षा मोठा. पुस्तकाचं शेवटचं पान कोरं होतं. मुकादम बायकांना कामावरून काढतो आणि पुढे काहीच नाही. मला वाटलं, शेवट छापायचा राहिला. म्हणून मी नायिकेला एक भाषण लिहून दिलं.

"केवढं?"

"अडीच पानं."

त्यांनी उठून एक फाइल काढली. पिवळा पडलेला सुरांचा कागद. पाच रेघांवर एकही सूर नाही, फक्त विरामाच्या खुणा, आणि खाली एकही शब्द नाही. "चित्रपटभर पानांची सळसळ चालू असते," ते म्हणाले. "इथे बायका हात थांबवतात. सोळा मात्रा. एकेक मात्रा एका श्वासाएवढी. छापणाऱ्याला वाटलं, पान रिकामं आहे. त्याने खुणा काढून टाकल्या."

ज्या जागी त्या माणसाने शांतता लिहिली होती, तिथे मी 'भगिनींनो' घातलं होतं. पत्रकांच्या घरातल्या पोरीशिवाय ही चूक कुणाच्या हातून झाली नसती. कोरी जागा दिसली की आमचा हात शिवशिवतो.

पण मीही अशी हार मानणारी नाही. म्हणाले, "आमच्या बायकांना गप्प बसायला शिकवावं लागत नाही. त्या पिढ्यान् पिढ्या गप्पच आहेत. आमच्याकडे शांतता मालकाची असते."

"आमच्याकडे आवाज मालकाचा होता," ते म्हणाले. "आधी गोदामाचा भोंगा, मग रेडिओवर दिवसभर लष्कराची गाणी. थांबलेला हात तेवढा आमचा."

त्यांनी फाइल पियानोवर ठेवली. मग ते म्हणाले, वाच तुझं भाषण. तुझ्या भाषेत. मी उभी राहून वाचलं. ते डोळे मिटून गुडघ्यावर बोटं आपटत होते. एका जागी थांबवलं. "तो एक शब्द तीनदा आला."

"हात."

"दोनदा पुरे."

त्यांना मराठीचं अक्षर येत नाही आणि त्यांचं बरोबर होतं. तिसरा 'हात' आता नाही.

वाचून झालं तेव्हा ते म्हणाले, "भाषण राहू दे. पण त्याच्यानंतर माझं पान ठेवशील?"

मी मान हलवली, आपण हो म्हणताना हलवतो तशी, इकडून तिकडे. ते माझ्याकडे बघत राहिले, मग खिडकीबाहेर. मी धीर करून विचारलं, "मग आम्ही हे करू? परवानगी आहे?"

त्यांनी पियानोचं झाकण लावलं आणि हळूच म्हणाले, "नै."

इतका साधा शब्द. आमच्याकडेही पटकन बोलताना नाहीचं नै होतं. त्यांनी फाइल उचलली, मला वाटलं आवरायला घेतली. मी थँक यू म्हणाले, मग सॉरी, मग पुन्हा सॉरी, आणि बाहेर पडले.

मावशीला पटेना. "लेफ्टी नाही म्हणाला? तो माझ्या अंबाडीला कधी नाही म्हणत नाही. थांब, मी विचारते."

"विचारायचं नाही," मी म्हणाले. "नाही म्हणजे नाही. या वाक्यावर मी आठ पत्रकं लिहिली आहेत. या विषयावर त्यांच्याशी एक शब्द बोलणार नाहीस, शपथ घे."

"नर्सला शपथा घालू नये," मावशी म्हणाली. पण घेतली.

नॉटिंगहॅम

शनिवारी मी ट्रेनने नॉटिंगहॅमला गेले. डब्यात कुणी मला कुठली, कुणाची, लग्न झालं का, असं काही विचारलं नाही. एरवी मला ते आवडलं असतं. त्या दिवशी कुणीतरी विचारावं असं वाटत होतं.

रविवारचा कार्यक्रम एका चर्चच्या हॉलमध्ये होता. बुद्धवंदना झाली, जयभीम झाला. साठ-सत्तर माणसं होती. डॉक्टर, आयटीवाले, नर्सा, विद्यार्थी. मागे चहाचं मोठं पातेलं आणि पोह्यांचे ट्रे. अध्यक्ष गजभिये काका, मूळचे तुमसरचे, चाळीस वर्षं इथल्या बसगाड्या दुरुस्त केलेले. मावशी आणि सोनल गाडीने येणार होत्या, पण वेळ झाली तरी त्यांचा पत्ता नव्हता.

मी ठरलेला विषय बाजूला ठेवला आणि चोरीची गोष्ट सांगितली. ठराव सांगितला. "त्यांनी नाही म्हटलं. तेव्हा हे नाटक मी आज वाचणार नाही, आणि पुन्हा कधी होणारही नाही. उरलेल्या पुस्तिका लगद्याला जातील. पण त्यांनी मला एक पान दाखवलं होतं आणि मी ते ठेवीन असं कबूल केलं होतं. नाटक माझं नाही, पण कबुली माझी आहे. त्या पानावर काही लिहिलेलं नाही. सोळा श्वास गप्प बसायचं आहे. हात थांबवायचे. बस."

सगळ्यांनी हात मांडीवर ठेवले. मी मनात मोजायला लागले. तीनला मागच्या पातेल्याचं झाकण खडखडलं. पाचला एका बाळाने विचारलं, "मम्मा, काय झालं?" सातला पहिल्या रांगेतल्या एका आजींनी आपली बोटं एकमेकांवर घासली, विडी वळतात तशी, आणि थांबवली. त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. मी मान खाली घातली. नवाला दार उघडलं.

दारात मावशी, सोनल आणि त्यांच्यामध्ये टोपी हातात घेतलेले लेफ्टीभाऊ. बगलेत फाइल. त्यांनी हॉलभर नजर फिरवली, थांबलेले हात पाहिले. मावशी काही बोलणार तेवढ्यात त्यांनी तिच्या दंडाला हात लावला. बोटांनी ते मोजत होते. माझा सोळावा श्वास आम्ही दोघांनी एकदमच सोडला.

मग ते पुढे आले. "तू माझं पान ठेवलंस," ते म्हणाले. "तू तर नाही म्हणाली होतीस."

"मी? मी हो म्हणाले होते."

त्यांनी मान इकडून तिकडे हलवून दाखवली. माझीच नक्कल, हुबेहूब. "हे?"

"हे हो आहे."

"देवा," ते म्हणाले. "पण मग भाषण कुठाय? तू भाषण का नाही वाचलंस?"

"तुम्ही परवानगी दिली नाहीत. तुम्ही नै म्हणालात."

"ने," ते म्हणाले. "अगं, ने. ग्रीकमध्ये ने म्हणजे हो. चाल डोक्यात असली की मला हो-नाही इंग्रजीत सुचत नाही."

म्हणजे मी त्यांचं पान नाकारलं असं वाटूनही त्यांनी परवानगी दिली होती. आणि आज मावशीच्या गाडीत जागा मागून, फाइल घेऊन आले होते ते पुन्हा विनवायला. मावशीने शपथ पाळली होती. दोन तास गाडीत ती त्यांच्याशी फक्त हवामानावर बोलली होती.

सोनलने हे सगळं हॉलला मराठीत समजावून सांगितलं, लिंगं उलटीपालटी करून, पण कुणाचं काही अडलं नाही. गजभिये काका शांतपणे ऐकत होते. मग माईक ओढून म्हणाले, "पोरी, एवढी शिकलेली तू. माणूस चांगलं मराठीत म्हणतोय, ने. आणि तू तिथेच ठेवून आलीस."

मी आयुष्यात एवढा मोठा हशा मिळवलेला नाही, आणि तोही माझा नव्हता. लेफ्टीभाऊंना अर्थ सांगितला तेव्हा त्यांनी फाइल माझ्या हातात दिली आणि मुद्दाम, एकेक अक्षर तोलत म्हणाले, "ने."

मग मी भाषण वाचलं, दोन हातांचं. आणि त्यानंतर त्यांच्या बोटांकडे बघत सगळ्या हॉलने सोळा श्वास पुन्हा मोजले. या वेळी बाळानेही काही विचारलं नाही, त्याच्या तोंडात पोहे होते. लेफ्टीभाऊंनी दोन बश्या पोहे खाल्ले आणि तिसऱ्या बशीला हनुवटी उचलून 'च्च' केलं. ते मात्र सगळ्यांना कळलं.

भंडारा

परत येऊन दुसऱ्या आवृत्तीचा मजकूर मी बाबांना दिला. मुखपृष्ठावर या वेळी आडनाव पूर्ण आहे, दोन ओळींत. बैठकीला बसले होते तेव्हा छापखान्यातून बाबांचा फोन आला.

"शेवटच्या पानावर नुसत्या पाच रेघा आणि त्यांवर कसल्या तरी खुणा आहेत. खाली अख्खं पान मोकळं पडलंय. एखादी घोषणा टाकू?"

"नको बाबा."

"निदान 'जागे व्हा' तरी?"

"नको."

"म्हणजे असंच छापू? कोरं?"

"ने," मी म्हणाले. तोंडातून गेलं ते गेलंच.

पलीकडे मशीनची घरघर चालू होती. मग बाबा कुणाला तरी म्हणाले, "थांबव रे. नै म्हणतेय."